रोगाची साखळी आणि गावाचा पाणवठा

(पंचायत सदस्य, शिक्षक व ग्रामीण भागात काम करणारे अधिकारी यांच्यासमोर दिलेल्या भाषणाचा मजकूर)



गावात रोगराई आली की तिचे कारण शोधण्याची माणसाची धडपड फार जुनी आहे. कोणी ते देवीच्या कोपात शोधले, कोणी बदललेल्या वाऱ्यात, कोणी ग्रहमानात, तर कोणी पलीकडच्या वस्तीतील माणसांत. रोग आकाशातून उतरतो, अशीच सर्वसाधारण समजूत होती. गेल्या दीडशे-पावणेदोनशे वर्षांत शास्त्राने ही समजूत दूर केली. सांसर्गिक रोग हा वाटेल तसा येत नाही. त्याचा एक ठरलेला उगम असतो, एका शरीरातून बाहेर पडण्याचे ठरलेले द्वार असते, प्रवासाची ठरलेली वाट असते आणि दुसऱ्या शरीरात शिरण्याचेही ठरलेले द्वार असते. उगम, वाट आणि प्रवेश अशी ही साखळी आहे. तिचा एक दुवा तुटला, तरी रोगाचा प्रवास थांबतो.

ही गोष्ट ऐकावयास सोपी वाटते. परंतु एक दुवा तोडून संपूर्ण रोग देशातून घालविता येतो, तोही औषधावाचून आणि लशीवाचून, हे सांगितले तर अनेकांना ते खरे वाटणार नाही. भारतात हे घडलेले आहे. ज्या रोगाच्या बाबतीत ते घडले, त्याचे नाव नारू. आज चाळिशीच्या आतील फारच थोड्या लोकांनी तो पाहिला असेल. म्हणूनच त्याची हकिगत पुन्हा सांगणे अगत्याचे आहे. कारण नारू गेला असला, तरी त्याने शिकविलेला धडा गावाच्या रोजच्या कारभारात आजही उपयोगी पडणारा आहे.

नारूचे दिवस

ज्यांनी नारू पाहिला, त्यांना उन्हाळ्याचे ते दिवस आठवत असतील. पोटरीवर किंवा घोट्याजवळ एक फोड येई. त्याची आग इतकी होई की माणूस पाय पाण्यात बुडविण्यासाठी तळमळे. फोड फुटला की त्यातून पांढऱ्या दोऱ्यासारख्या जंताचे टोक बाहेर डोकावे. हा जंत साठ सेंटिमीटरपासून एक मीटरपर्यंत लांब असे. तो ओढून काढता येत नसे. एका बारीक काडीला त्याचे टोक गुंडाळावयाचे आणि दररोज दोन बोटे, तीन बोटे असा तो हळूहळू काडीवर घ्यावयाचा, हाच काय तो उपाय होता. हजारो वर्षांत या उपायात फारसा फरक पडला नव्हता. घाई केली आणि जंत मध्येच तुटला, तर आतल्या आत सूज येई, पू होई. काही वेळा सांधा कायमचा आखडून जाई, क्वचित धनुर्वाताने जीवही जाई.

नारूने मृत्यू क्वचित येत असे. म्हणूनच कदाचित त्याच्याकडे फारसे लक्ष गेले नाही. पण त्याचे खरे नुकसान निराळे होते. हा रोग नेमका उन्हाळ्याच्या अखेरीस, पावसाच्या तोंडावर बळावे. शेतकऱ्याने नांगरणी-वखरणी उरकून मृगाच्या पेरणीची तयारी करावयाची, त्याच वेळी तो खाटेवर पडलेला असे. कित्येक आठवडे पाय जमिनीवर टेकविता येत नसे. बैल दावणीला उभे, बियाणे घरात आणि नक्षत्र निघून चालले, अशी अवस्था होई. एकाच घरात दोघे-तिघे आजारी असले, तर त्या घराचे वर्ष बुडाले असेच समजावे. घरातील बाई आजारी पडली तर पाणी, चूल आणि मुले यांचा भार थोरल्या मुलीवर पडे आणि तिची शाळा सुटे. शिवाय एकदा नारू झाला म्हणून पुन्हा होणार नाही, असेही नव्हते. या रोगाने शरीरात प्रतिकारशक्ती निर्माण होत नाही. त्यामुळे तेच घर आणि तीच माणसे वर्षानुवर्षे त्याला बळी पडत.

एका वर्षाचा प्रवास

नारू पिण्याच्या पाण्यातून होतो. परंतु नारूचा जंत पाण्यात तरंगत नसतो आणि त्याची पिले नुसती पोटात गेल्याने रोग होत नाही. मध्ये आणखी एक दुवा आहे. साचलेल्या पाण्यात सायक्लॉप्स नावाचा एक बारीक जलजीव असतो. त्याची लांबी एक-दोन मिलिमीटरपेक्षा अधिक नसते. भांड्यातील पाणी उजेडात धरून निरखून पाहिले तर हलणारा पांढरा ठिपका दिसावा, एवढाच तो मोठा. नारूची पिले हा जीव गिळतो. त्याच्या शरीरात सुमारे दोन आठवडे वाढल्यानंतरच ती माणसाला बाधण्याच्या अवस्थेला पोचतात. असा सायक्लॉप्स पाण्याबरोबर माणसाच्या पोटात गेला की तो जठरातील आम्लाने मरतो, पण नारूची पिले सुटतात आणि आतड्याची भिंत भेदून शरीरात शिरतात. पुढे नर मरून जातो. मादी मात्र त्वचेखालून खाली सरकत पायापर्यंत येते. या साऱ्याला सुमारे एक वर्ष लागते. मग फोड येतो, आग होते, रोगी पाय पाण्यात बुडवितो. आणि पाण्याचा स्पर्श होताच मादी लाखो पिले त्या पाण्यात सोडते. सायक्लॉप्स त्यांना गिळतो आणि चक्र पुन्हा सुरू होते. या चक्रातील सायक्लॉप्सचा वाटा फेडचेंको या रशियन शास्त्रज्ञाने १८७० च्या सुमारास प्रथम दाखवून दिला.

या प्रवासात दोन गोष्टी विशेष ध्यानात घेण्यासारख्या आहेत. पहिली म्हणजे कालावधी. या उन्हाळ्यात पायातून निघालेला नारू गेल्या उन्हाळ्यात प्यालेल्या पाण्याचा असतो. कारण आणि परिणाम यांच्यामध्ये एका वर्षाचे अंतर पडल्यामुळे पाण्याचा आणि पायाच्या फोडाचा संबंध गावकऱ्यांच्या ध्यानी येणे कठीण होते. काल खाल्लेल्या अन्नाने आज पोट बिघडले तर माणूस लगेच ओळखतो. वर्षापूर्वीच्या घोटाची आठवण कोण ठेवणार? त्यामुळे दोष रक्ताला, उष्णतेला, नशिबाला दिला गेला.

दुसरी गोष्ट म्हणजे पाणवठ्याची रचना. आपल्याकडे बारव आणि पायऱ्यांची विहीर बांधणे हे मोठे पुण्यकर्म मानले गेले. वाटसरूला आणि गुराख्यालाही थेट पाण्यापर्यंत उतरता यावे, हा त्यामागील हेतू उदात्तच होता. परंतु त्याच पायऱ्यांवरून नारूचा रोगी आग होणारा पाय घेऊन पाण्यात उतरे, आणि त्याच पायऱ्यांवरून उतरलेली बाई घागर भरून घरी नेई. उन्हाळ्यात विहिरीचे पाणी तळाला जाई, ते उथळ आणि संथ होई, सायक्लॉप्सची दाटी वाढे आणि सारे गाव त्याच पाण्यावर येई. कोणाचाही हेतू वाईट नव्हता. रोग्याला वेदना सोसवत नव्हत्या आणि बाईला घरी पाणी न्यावयाचे होते. रोग पसरविणारा माणूस हा बहुधा अपराधी नसतो, तो स्वतःच रोगाने गांजलेला असतो, हे नारूने फार स्पष्टपणे दाखवून दिले.

साखळी कशी तोडली

नारूवर लस नव्हती आणि आजही नाही. शरीरातील जंत मारणारे परिणामकारक औषधही नाही. मग उरला एकच मार्ग, आणि तो म्हणजे वाट अडविण्याचा. १९८१ ते १९९० हे दशक आंतरराष्ट्रीय पेयजल व स्वच्छता दशक म्हणून पाळले गेले. याच काळात, १९८३-८४ मध्ये, भारताने राष्ट्रीय नारू निर्मूलन कार्यक्रम हाती घेतला. त्या वेळी राजस्थान, मध्य प्रदेश, महाराष्ट्र, गुजरात, कर्नाटक, आंध्र प्रदेश आणि तमिळनाडू या सात राज्यांत नारू होता. १९८४ मध्ये देशातील रोग्यांची संख्या सुमारे चाळीस हजार इतकी नोंदविली गेली.

कार्यक्रमाची कामे पाहिली तर त्यांपैकी एकही काम फार मोठ्या विद्येचे नव्हते. आरोग्य कर्मचाऱ्यांनी बाधित गावांत घरोघर फिरून रोगी शोधावयाचे आणि त्यांची नोंद ठेवावयाची. जखमेवर मलमपट्टी करावयाची आणि रोग्याला पाण्यात पाय घालू नये हे समजावून सांगावयाचे. पायऱ्यांच्या विहिरींच्या पायऱ्या बंद करून, कठडा बांधून, रहाट बसवून त्या दोराने पाणी ओढण्याच्या विहिरी करावयाच्या. जेथे हे शक्य नसेल तेथे सायक्लॉप्स मारणारे टेमेफॉस हे औषध ठराविक अल्प प्रमाणात, ठराविक दिवसांनी पाण्यात टाकावयाचे. विंधन विहीर घेऊन हातपंप बसवावयाचा. आणि प्रत्येक घरात पिण्याचे पाणी बारीक विणीच्या फडक्याने गाळून घ्यावयाचे.

यांतील शेवटच्या उपायाकडे मुद्दाम लक्ष वेधावेसे वाटते. नारूची पिले सायक्लॉप्सच्या पोटात असतात आणि सायक्लॉप्स घट्ट विणीच्या कापडातून पार होत नाही. म्हणजे ज्या रोगावर जगातील कोणत्याही मोठ्या रुग्णालयात औषध नव्हते, तो घागरीच्या तोंडावर बांधलेल्या स्वच्छ फडक्याने अडविता येत होता. पाणी गाळून पिण्याची चाल आपल्याकडे पूर्वीपासून होती. ती का पाळावयाची आणि फडके कसे वापरावयाचे, एवढेच शिकवावयाचे होते. फडक्याची एकच बाजू नेहमी वर ठेवावयाची. ते उलटले तर अडकलेले सायक्लॉप्स पुन्हा पाण्यात पडतात. एवढी साधी गोष्ट, पण ती समजली तर फडके उपयोगी आणि न समजली तर व्यर्थ.

हातपंपाच्या बाबतीत महाराष्ट्राचा वाटाही नमूद करण्यासारखा आहे. प्रारंभी गावोगावी बसविलेले बिडाचे पंप एका कुटुंबाच्या वापरासाठी घडविलेले होते; साऱ्या गावाने ते दिवसभर चालविले की लवकरच मोडत. जालना आणि सोलापूर येथे पोलादी, भक्कम बनावटीचे पंप तयार झाले, आणि सोलापूर पंपाच्या धर्तीवरच पुढे सत्तरीच्या दशकात ‘इंडिया मार्क टू’ हा हातपंप विकसित झाला. तो देशभर आणि देशाबाहेरही गेला. पंप मोडला की बाई पुन्हा जुन्या पाणवठ्याकडे वळते, आणि तुटलेली साखळी पुन्हा जोडली जाते. म्हणून पंपाची दुरुस्ती हेही रोगप्रतिबंधाचेच काम होय.

देशातील नारूचा शेवटचा रोगी जुलै १९९६ मध्ये राजस्थानातील जोधपूर जिल्ह्यात आढळला. त्यानंतरही शोधमोहीम थांबली नाही. रोग्याची खबर देणाऱ्यास बक्षीस जाहीर करण्यात आले आणि प्रत्येक खबरेची शहानिशा केली गेली. फेब्रुवारी २००० मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने भारत नारूमुक्त झाल्याचे प्रमाणित केले. देवी रोगानंतर देशातून हद्दपार झालेला हा दुसरा रोग. देवीवर लस होती. नारू मात्र कठडा, पंप, फडके आणि समजूत यांच्या बळावर गेला. १९८६ च्या सुमारास जगात नारूचे सुमारे पस्तीस लाख रोगी असावेत असा अंदाज होता. २०२३ मध्ये सर्व जगात मिळून १४ रोगी नोंदविले गेले.

एक वस्ती राहिली तर

साखळीचा हा नियम आणखी एका बाबतीत कठोर आहे. गावातील नव्वद घरे सुरक्षित पाणी पीत असतील आणि दहा घरांना ओढ्याच्या डबक्यातून पाणी भरावे लागत असेल, तर ते गाव सुरक्षित नव्हे. रोगाचा उगम त्या दहा घरांत टिकून राहतो आणि संधी मिळताच पुन्हा पसरतो.

पाणवठ्याचा प्रश्न हा आपल्या समाजात केवळ विहिरीच्या बांधकामाचा कधीच नव्हता. २० मार्च १९२७ रोजी महाडच्या चवदार तळ्यावर डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या नेतृत्वाखाली जो सत्याग्रह झाला, तो सार्वजनिक पाण्यावरील माणसाच्या समान हक्कासाठी होता. पुढे सत्तरीच्या दशकात डॉ. बाबा आढाव यांनी ‘एक गाव, एक पाणवठा’ ही चळवळ चालविली. स्वातंत्र्यानंतर पंचवीस वर्षे उलटली तरी अनेक गावांत दलितांना सार्वजनिक विहिरीवर पाणी भरता येत नसल्याचे चित्र तिने पुढे आणले. या चळवळींचा पाया माणुसकी आणि न्याय हा होता व तोच योग्य आहे. परंतु आरोग्यशास्त्रही त्यांच्याच बाजूने साक्ष देते. ज्याला चांगल्या विहिरीपासून दूर ठेवले, त्याला वाईट पाणी पिण्यास भाग पाडले, आणि त्याच्या आजाराची झळ दूर ठेवणाऱ्यालाही लागल्यावाचून राहिली नाही. माणसामाणसांत घातलेली कुंपणे रोगाने कधी ओळखली नाहीत.

आजही पाणीपुरवठ्याची योजना आखताना शेवटच्या टोकाची वस्ती, उसाच्या फडाजवळ उतरलेल्या तोडणी कामगारांच्या कोप्या, वीटभट्टीवरील मजूर, पाड्यावरील चार घरे यांचा विचार आधी व्हावयास हवा. गावच्या यादीत ज्यांचे नाव नसते, तीच माणसे बहुधा साखळीचा राहून गेलेला दुवा ठरतात.

प्रत्येक रोगाची वाट वेगळी

नारूचा धडा घेताना एक सावधगिरी मात्र बाळगली पाहिजे. एका रोगाचा उपाय दुसऱ्याला जसाच्या तसा लागू पडत नाही. फडक्याने सायक्लॉप्स अडतो, पण पटकीचा, विषमज्वराचा किंवा काविळीचा सूक्ष्म जंतू त्याच फडक्यातून सहज निघून जातो. उलट, विहिरीत नेहमी टाकल्या जाणाऱ्या क्लोरीनच्या मात्रेने पटकीचा जंतू मरतो, पण सायक्लॉप्सला तेवढी मात्रा पुरत नाही. म्हणून प्रत्येक रोगाची वाट ओळखून तिचा नेमका दुवा शोधावा लागतो.

पटकीचेच उदाहरण घ्यावे. १८५४ मध्ये लंडनच्या ब्रॉड स्ट्रीट भागात पटकीची साथ आली, तेव्हा डॉ. जॉन स्नो यांनी मृतांची घरे कोठे आहेत याची नोंद केली आणि ती एका सार्वजनिक पंपाभोवती एकवटली असल्याचे दाखवून दिले. पंपाचा दांडा काढून टाकण्यात आला. रोगजंतू कोणता, हे त्या वेळी त्यांना ठाऊक नव्हते. तो जंतू वेगळा काढून ओळखण्याचे काम तीस वर्षांनी रॉबर्ट कॉख यांनी केले, आणि १८८४ मध्ये कलकत्त्याच्या एका तलावाच्या पाण्यातही त्यांना तो सापडला. म्हणजे शत्रूचे नाव कळण्यापूर्वीही त्याची वाट अडविता येते. गावात जुलाबाचे रोगी वाढू लागले, तर प्रयोगशाळेचा अहवाल येईपर्यंत हात बांधून बसण्याचे कारण नाही. रोगी कोठे राहतात आणि ते कोणते पाणी पितात, एवढे दोन प्रश्न विचारून कामाला लागता येते.

डासांमार्फत येणाऱ्या हिवताप आणि डेंगी या रोगांत दुवा पाण्याचाच, पण निराळ्या रीतीचा. डेंगीचा डास घरातील स्वच्छ, साठविलेल्या पाण्यात अंडी घालतो. अंड्यापासून उडणारा डास होण्यास साधारणतः आठवडाभर किंवा थोडा अधिक काळ लागतो. म्हणूनच आठवड्यातून एक दिवस सर्व भांडी, टाक्या, रांजण रिकामे करून घासून कोरडे ठेवण्याचा ‘कोरडा दिवस’ पाळावयाचा असतो. पंधरवड्यातून एकदा पाळला तर त्याचा उपयोग नाही; कारण तेवढ्या अवधीत डास उडून गेलेला असतो. क्षय, गोवर, इन्फ्लुएन्झा यांसारखे रोग श्वासावाटे पसरतात. तेथे खोकताना तोंडावर रुमाल धरणे, घरात व वर्गात हवा खेळती ठेवणे, गोवरासाठी वेळेवर लस आणि क्षयरोग्याने औषधांचा संपूर्ण क्रम पुरा करणे हे दुवे आहेत. खरूज, नायटा हे त्वचारोग स्पर्शाने आणि सामाईक कपड्यांनी पसरतात. वाटा अनेक असल्या, तरी विचारावयाचा प्रश्न एकच आहे: हा रोग एका माणसाकडून दुसऱ्याकडे नेमका कोणत्या वाटेने जातो, आणि त्या वाटेत हात कोठे घालता येईल?

आजचे पाणी, आजचे काम

पावसाळा सुरू झाला की जुलाब, गॅस्ट्रो, कावीळ यांच्या साथी आजही येतात. पहिल्या पावसाचे पाणी उकिरडा आणि उघड्यावरील घाण धुऊन विहिरीकडे नेते. यावर गावाच्या हाती असलेला सर्वांत खात्रीचा उपाय म्हणजे पाण्याचे शुद्धीकरण. टीसीएल पावडर बहुतेक ग्रामपंचायतींत असते. पण ती कशी वापरली जाते, यावर सारे अवलंबून आहे.

पावडर टाकण्यापूर्वी विहिरीतील पाणी मोजावयास हवे. हिशेब अवघड नाही. विहिरीचा व्यास मीटरमध्ये घेऊन त्याला त्याच आकड्याने गुणावे, आलेल्या गुणाकाराला पाण्याच्या खोलीने गुणावे, मग ०.७८५ ने गुणावे. उत्तर घनमीटरमध्ये येते, आणि एक घनमीटर म्हणजे एक हजार लिटर. समजा, व्यास चार मीटर आणि पाण्याची खोली तीन मीटर आहे. चार गुणिले चार गुणिले तीन म्हणजे अठ्ठेचाळीस, त्याला ०.७८५ ने गुणले की सुमारे ३७.७ घनमीटर, म्हणजे ३७,७०० लिटर पाणी झाले. पावडर उत्तम प्रतीची आणि पाणी स्वच्छ असेल, तर एक हजार लिटरला सुमारे अडीच ग्रॅम या मानाने या विहिरीला ९५ ग्रॅमच्या आसपास पावडर लागेल. पाणी गढूळ असेल किंवा पावडर जुनी असेल, तर प्रमाण वाढवावे लागते, आणि ते आरोग्य कर्मचाऱ्याच्या सल्ल्याने ठरवावे. सातव्या-आठव्या इयत्तेतील विद्यार्थ्यांना हे गणित शिक्षकांनी प्रत्यक्ष विहिरीच्या काठी करावयास लावले, तर वृत्ताचे क्षेत्रफळ त्यांच्या ध्यानात राहील आणि विहिरीचीही चौकशी होईल.

पावडर तशीच विहिरीत फेकू नये. बादलीत थोडे पाणी घेऊन तिची लगदी करावी, मग बादली पाऊण भरून ढवळावी आणि पाच-दहा मिनिटे स्थिर ठेवावी. चुना तळाशी बसतो. वरचे निवळ पाणी दुसऱ्या बादलीत घेऊन ती बादली दोराने विहिरीत पाण्याखाली सोडावी आणि वर-खाली, इकडे-तिकडे हलवून द्रावण नीट मिसळावे. तळाचा चुना विहिरीत टाकू नये. त्यानंतर निदान एक तास पाणी भरू नये. क्लोरीनला जंतू मारण्यास तेवढा अवधी द्यावाच लागतो. मग ओ. टी. चाचणी करावी. पाण्याला पिवळसर छटा आली, तर क्लोरीन शिल्लक आहे असे समजावे. न आल्यास पुन्हा पावडर टाकावी. पावडरीचे पोते उघडे, ओलसर जागी किंवा उन्हात पडून राहिले की त्यातील क्लोरीन उडून जातो आणि उरतो तो चुना. अशी पावडर टाकून रजिस्टरमध्ये सही होते, पण जंतू मरत नाहीत. काही न करण्यापेक्षाही हे अधिक घातक, कारण गाव निर्धास्त होते.

घरोघरी नळ पोचविण्यासाठी २०१९ मध्ये जल जीवन मिशन सुरू झाले आणि अनेक गावांत नळ आले आहेत. नळ आला म्हणजे चिंता मिटली, असे मात्र समजू नये. दिवसातून काही तासच पाणी सुटत असेल, तर उरलेल्या वेळी नळवाहिनी रिकामी असते. ती गटारातून किंवा गटाराजवळून जात असेल आणि तिला एखादी चीर पडलेली असेल, तर बाहेरचे घाण पाणी आत ओढले जाते आणि दुसऱ्या दिवशी घराघरात पोचते. खड्ड्यातील तोटी नसलेला नळ हा असाच धोक्याचा. विहिरीवरील पायऱ्यांनी जे केले, तेच आज गळकी नळवाहिनी करू शकते.

घरातील दुवाही विसरता कामा नये. शुद्ध पाणी रांजणात भरले आणि त्यात हात बुडवून पेला भरला, तर सारे श्रम वाया जातात. रांजणावर झाकण आणि दांड्याचे ओगराळे एवढे पुरेसे आहे. शौचानंतर आणि जेवणापूर्वी साबणाने हात धुणे यासारखा स्वस्त उपाय नाही. मुलाला जुलाब झाले, तर क्षारसंजीवनी लगेच सुरू करावी. तयार पाकीट नसेल, तर एक लिटर शुद्ध पाण्यात सहा सपाट चमचे साखर आणि अर्धा सपाट चमचा मीठ, चहाच्या चमच्याने मोजून, विरघळवावे आणि ते थोडे थोडे पाजत राहून आरोग्य केंद्र गाठावे. याने साखळी तुटत नाही, पण मूल वाचते.

कोणी काय करावे

ग्रामपंचायतीच्या मासिक सभेत जमाखर्चाप्रमाणे पाण्याचाही विषय दर वेळी असावा. किती दिवस शुद्धीकरण झाले, चाचणी कोणी केली, पावडर केव्हा आली, कोठे गळती आहे, कोणता पंप बंद आहे, हे पाच प्रश्न विचारले जावेत आणि उत्तरे इतिवृत्तात नोंदली जावीत. पाण्याच्या स्रोतांची तपासणी होऊन गावाला लाल, पिवळे वा हिरवे कार्ड मिळते. लाल कार्ड मिळाले तर ते फायलीत लपविण्याची वस्तू नव्हे. ते कार्यालयाच्या दारावर लावावे, म्हणजे गावाला धोका कळेल आणि तो दूर झाला की नाही, हेही विचारता येईल.

जलसुरक्षकाचे काम हे गावातील सर्वांत जबाबदारीचे काम आहे. तो आजारी असेल वा बाहेरगावी गेला असेल, तर त्या दिवशी पावडर कोण टाकणार, हे आधी ठरलेले असावे. कारण जंतूला सुट्टी नसते. पाणी तपासणीसाठी प्रशिक्षण घेतलेल्या गावातील महिलांच्या हाती तपासणी संच नियमितपणे पडावा आणि त्यांच्या निष्कर्षाला सभेत मान मिळावा. पाणी भरणारी बाईच पाण्याचा रंग, वास आणि चव बदलल्याचे सर्वप्रथम ओळखते. तिची तक्रार ही साथीची पहिली सूचना असू शकते.

शिक्षकांपाशी हजेरीपट आहे. एकाच वस्तीतील चार मुले एकाच आठवड्यात गैरहजर राहिली, तर त्याची चौकशी करून आशा कार्यकर्तीला किंवा आरोग्य केंद्राला त्याच दिवशी कळविणे, एवढ्यानेही एखादी साथ आरंभीच रोखता येईल. अधिकाऱ्यांनी साथीची खबर देणाऱ्या गावाकडे दोषी म्हणून पाहू नये. नारू निर्मूलनात खबर देणाऱ्याला बक्षीस जाहीर झाले होते. जेथे खबर दिल्याबद्दल कारणे दाखवा नोटीस मिळते, तेथे आजार दडविले जातात आणि दडविलेला आजारच पसरतो.

नारू गेला तेव्हा कोठे विजयस्तंभ उभारला गेला नाही. बंद केलेल्या पायऱ्या, विहिरीचे कठडे आणि गावकुसाजवळचे हातपंप हीच त्याची स्मारके होत. एके काळी ज्या महिन्यात घरटी एक माणूस खाटेवर असे, त्याच महिन्यात आज त्या गावांतील शेतकरी पेरणी करतात आणि आपण एका रोगातून सुटलो आहोत, याची त्यांना आठवणही नसते. रोगप्रतिबंधाचे यश असेच असते. ते दिसत नाही. न आलेल्या साथीबद्दल कोणी सरपंचाचे आभार मानीत नाही आणि न पडलेल्या आजाराची नोंद कोणत्याही रजिस्टरात होत नाही. तरीही या पावसाळ्यापूर्वी प्रत्येक ग्रामपंचायतीने आपल्या विहिरीचे माप घ्यावे, पावडरीचे पोते तपासावे, गळती बुजवावी आणि शेवटच्या वस्तीपर्यंत जाऊन तेथील घागरीत कोणते पाणी आहे ते पाहावे. तेवढे झाले, तर नारूने शिकविलेला धडा गावाने घेतला, असे म्हणता येईल.